निर्णयाविना पडून असलेला अर्ज

शाळेच्या परवानगीचा अर्ज फेटाळला गेला, तर संस्थेच्या हाती निदान एक कागद येतो. त्यावर तारीख असते, सही असते, चुकीची का होईना पण काही कारणे असतात, आणि त्या कागदावर अपील करता येते. अर्जावर काहीच झाले नाही तर आव्हान द्यायला हाती काही उरत नाही. जून येतो, गावातली मुले दुसरीकडे प्रवेश घेतात, भाड्याने घेतलेली इमारत रिकामी राहते आणि कार्यालयात विचारले की ‘फाइल वर गेली आहे’ एवढेच उत्तर मिळते. नकार आणि मौन यांचा परिणाम संस्थेच्या दृष्टीने एकच असला, तरी कायद्यात त्यांचे इलाज वेगळे आहेत. मौनावरचा इलाज म्हणजे उच्च न्यायालयाचा महादेश. राज्यघटनेच्या मराठी आवृत्तीत हा शब्द आहे. हिंदीत त्यालाच परमादेश म्हणतात. वकिलांच्या तोंडी मात्र दोन्हीकडे ‘मँडमस’च असतो.

महादेशाची कल्पना साधी आहे. एखादे काम करणे हे अधिकाऱ्याचे कायद्याने ठरवून दिलेले कर्तव्य असेल आणि तो ते करत नसेल, तर न्यायालय त्याला ते करायला सांगते. घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली हा अधिकार प्रत्येक उच्च न्यायालयाला आहे. आता शाळेच्या अर्जात कर्तव्य नेमके कोणते, हा पहिला प्रश्न. परवानगी देणे हे कर्तव्य नव्हे. अर्जावर निर्णय देणे हे कर्तव्य आहे. बऱ्याच याचिका हा फरक न ओळखल्यामुळे लंगड्या पडतात.

शाळा काढण्याच्या हक्काबद्दल सर्वोच्च न्यायालयाची भूमिका दोन टप्प्यांत घडली. १९९३ च्या उन्नीकृष्णन निकालात न्यायालयाने सांगितले की, मान्यता किंवा संलग्नता मिळण्याचा मूलभूत हक्क कोणालाही नाही. २००२ मध्ये टी. एम. ए. पै फाउंडेशनच्या खटल्यात अकरा न्यायाधीशांच्या पीठाने शिक्षणसंस्था काढणे आणि चालवणे हा अनुच्छेद १९(१)(छ) खालचा व्यवसाय मानला आणि त्यावर वाजवी निर्बंध घालता येतात असे म्हटले. दोन्ही एकत्र वाचले की चित्र स्पष्ट होते. सरकारला निकष लावता येतात, तपासणी करता येते, निकष पुरे होत नसतील तर नाहीही म्हणता येते. अर्ज वर्षानुवर्षे दाबून ठेवणे मात्र कोणत्याच वाजवी निर्बंधात बसत नाही.

तपासणी फालतू आहे, असेही कोणी समजू नये. १६ जुलै २००४ रोजी तामिळनाडूतल्या कुंभकोणमच्या एका शाळेला आग लागून ९४ मुले दगावली. त्यानंतर अविनाश मेहरोत्रा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये सुरक्षित शाळा हा शिक्षणाच्या हक्काचाच भाग ठरवला. त्याच वर्षी झालेल्या शिक्षण हक्क कायद्याच्या कलम १८ नुसार मान्यतेच्या प्रमाणपत्राविना पहिली ते आठवीची खाजगी शाळा सुरू करता येत नाही, आणि कलम १९ इमारत, शिक्षकसंख्या, पाणी, स्वच्छतागृहे यांचे निकष अनिवार्य करते. या कायद्याला आव्हान देणाऱ्यांत राजस्थानच्या विनाअनुदानित शाळांचीच एक सोसायटी आघाडीवर होती. १२ एप्रिल २०१२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दोन विरुद्ध एक अशा बहुमताने कायदा कायम ठेवला. मान्यता अनिवार्य राहिली, आणि तिच्या मागोमाग मान्यतेसाठी ताटकळणेही आले.

ताटकळणे कसे घडते ते पाहायला जयपूरजवळचे कानोता घेऊ. जयपूर-आग्रा रस्त्यावर शहरापासून पंधराएक किलोमीटरवर हे गाव आहे. किल्ला, धरण आणि आता शहराची वाढती वस्ती. समजा, इथल्या एका संस्थेला आठवीपर्यंतची शाळा काढायची आहे. संस्था राजस्थान संस्था नोंदणी कायदा, १९५८ खाली नोंदलेली असते, आणि अर्ज खाजगी शाळांसाठीच्या सरकारी पोर्टलवर भरला जातो. जिल्हा शिक्षणाधिकारी जयपुरात असतात, पण राजस्थानचे शिक्षण संचालनालय जयपुरात नाही, ते बिकानेरला आहे. राजधानीच्या वेशीवरच्या शाळेचा कागद वाळवंटाच्या तोंडापर्यंत जाऊन येतो. वाटेत त्याला आक्षेप लागतात. भाडेकरार नोंदणीकृत नाही. अग्निशमनाचा दाखला जुना आहे. शेतजमिनीचे रूपांतर झाल्याचा आदेश जोडलेला नाही. महाराष्ट्रात ज्याला ‘एन. ए. झालेली जमीन’ म्हणतात, त्यासाठी जयपूरकडे ‘नाइन्टी ए’ म्हणजे राजस्थान भूमहसूल कायद्याचे कलम ९०-अ बोलले जाते. एकेक आक्षेप रास्तही असतो. खोड अशी की ते एकदम येत नाहीत. पहिला पुरा केला की दुसरा येतो, दुसरा पुरा होईतो अधिकारी बदलतो, आणि तिसऱ्याच्या वेळी अग्निशमनाच्या दाखल्याची मुदत पुन्हा संपलेली असते.

अशा प्रकरणात न्यायालयापुढे सर्वांत जास्त वजन असते ते तारखांना. कानोत्यालाच या बाबतीत एक दांडगे उदाहरण आहे. इथल्या ठाकूर घराण्यातल्या अमरसिंहांनी १८९८ पासून १९४२ पर्यंत, म्हणजे ४४ वर्षे, रोजनिशी लिहिली. तिचे ८९ खंड झाले. एवढी चिकाटी शिक्षणसंस्थेच्या सचिवाकडून कोणी मागत नाही. पण अर्ज कोणत्या दिवशी भरला, पोच कधी मिळाली, तपासणीला कोण आले, आक्षेप कधी कळवला आणि कितव्या दिवशी पुरा केला, याची एक पानभर यादी याचिकेला जोडलेली असेल तर अर्धे काम तिथेच होते. कार्यालयात हातोहात कागद देताना आपल्या प्रतीवर बारनिशीचा शिक्का आणि आवक क्रमांक घेतला नाही, तर पुढे ‘असा कागद आलाच नाही’ हे शपथपत्रावर वाचायची वेळ येते. पोर्टलवरच्या अर्जाचेही तसेच. स्थिती ‘प्रलंबित’ दाखवणाऱ्या पानाची दर महिन्याला छापील प्रत काढून ठेवलेली बरी, कारण पोर्टलवर मागची स्थिती पुसली जाऊन नवी येते.

न्यायालयात जाण्याआधी मागणी करावी लागते. महादेश मागणाऱ्याने आधी अधिकाऱ्याकडे स्पष्ट मागणी केली पाहिजे आणि ती नाकारली गेलेली असली पाहिजे, हा नियम सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्ये सरस्वती इंडस्ट्रियल सिंडिकेटच्या खटल्यात पुन्हा बजावला. नकार शब्दांत असावा लागत नाही. मागणीनंतरचे दीर्घ मौनही नकारच धरता येते. म्हणून शेवटचे स्मरणपत्र नीट लिहिलेले असावे. त्यात अर्जाचा क्रमांक, नियमातली मुदत, पुरे केलेले आक्षेप आणि ‘इतक्या दिवसांत निर्णय द्यावा’ ही मागणी यावी. साहेबांच्या सहृदयतेला आवाहन करणारी दोन पाने लिहिण्यापेक्षा हा एक परिच्छेद न्यायमूर्ती लवकर वाचतात.

मुदत कुठून काढायची? शिक्षण हक्क कायद्याखालच्या २०१० च्या केंद्रीय नियमांत आधीपासून चालू असलेल्या शाळांसाठी तिचा नमुना सापडतो: स्वयंघोषणा मिळाल्यापासून तीन महिन्यांत जागेवर तपासणी, आणि निकष पुरे असतील तर तपासणीपासून पंधरा दिवसांत मान्यता. राज्यांचे नियम वेगळे आहेत. राजस्थानचे आणि महाराष्ट्राचे दोन्ही २०११ चे. महाराष्ट्रात अधिकाऱ्यांच्या दिरंगाईवर स्वतंत्र कायदाच आहे. अण्णा हजारे यांच्या आंदोलनाच्या रेट्याने आलेला आणि लोकांत ‘बदल्यांचा कायदा’ म्हणून ओळखला जाणारा २००५ चा अधिनियम सांगतो की, कोणतीही फाइल एका कर्मचाऱ्याकडे सामान्यतः सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त राहू नये, दुसऱ्या विभागाकडे जायची नसेल तर ४५ दिवसांत आणि जायची असेल तर तीन महिन्यांत निर्णय व्हावा. त्या कायद्याचे नाव इतके लांब आहे की त्यातला दिरंगाई प्रतिबंधाचा भाग बहुतेकांच्या लक्षातच राहिला नाही. याचिकेत मात्र तो आवर्जून यावा.

त्याखेरीज राजस्थानात लोकसेवा हमीचा २०११ चा आणि सुनावणीच्या हक्काचा २०१२ चा कायदा आहे, तर महाराष्ट्रात लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५. हे कायदे अधिसूचित सेवांनाच लागू होतात, तेव्हा आपली सेवा यादीत आहे का हे आधी पाहावे. महाराष्ट्रातल्या कायद्यात कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंड होऊ शकतो. रक्कम किरकोळ वाटते, पण ती पगारातून जाते आणि सेवापुस्तकाला डाग लागतो. सर्वांत उपयोगी शस्त्र माहिती अधिकाराचे. दहा रुपयांच्या अर्जावर फायलीवरच्या टिपण्यांच्या प्रती मागता येतात आणि तीस दिवसांत त्या द्याव्या लागतात. ‘चर्चा करावी’ असा शेरा मारून फाइल परत पाठवलेली आणि पुढे चार महिने त्यावर एकही अक्षर नाही, असे पान हाती आले की वकिलाला वेगळा युक्तिवाद शोधावा लागत नाही.

दिवाणी दावा हा मार्ग कागदावर आहे, पण सरकारविरुद्धच्या दाव्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० खाली दोन महिन्यांची नोटीस लागते आणि पुढची वर्षे कोणी मोजत नाही. महादेशासाठीच्या रिट याचिकेला अशी नोटीस लागत नाही. कानोत्याची संस्था राजस्थान उच्च न्यायालयाच्या जयपूर पीठाकडे जाईल. या न्यायालयाचे मुख्य पीठ जोधपूरला आहे. जयपूरचे पीठ ३१ जानेवारी १९७७ पासून सुरू झाले आणि जयपूर जिल्ह्यात उद्भवलेली प्रकरणे त्याच्याकडे येतात. निर्णय बिकानेरला अडकला म्हणून जोधपूरला जा, असा आक्षेप सरकारी वकील घेऊ शकतो. शाळा कानोत्याला आहे, तपासणी तिथे झाली, नुकसान तिथे होते आहे, म्हणून वादाचे कारण जयपुरात घडले, हे त्यावरचे उत्तर. महाराष्ट्रात हीच याचिका जिल्ह्याप्रमाणे मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगरला आणि १८ ऑगस्ट २०२५ पासून सहा जिल्ह्यांसाठी कोल्हापूरच्या सर्किट बेंचपुढे जाते. याचिकेसोबत संस्थेचा ठराव हवा. सचिवाला दावा करण्याचा अधिकार कोणी दिला, हे पहिल्याच तारखेला विचारले जाते.

याचिका दाखल झाली की बहुधा नोटीस निघते आणि सरकारी वकील ‘सूचना घेतो’ म्हणून वेळ मागतो. पुष्कळ प्रकरणे इथेच संपतात. मंत्रालयातून किंवा संचालनालयातून न्यायालयीन प्रकरण म्हणून लाल पट्टी लागलेली फाइल मागवली जाते आणि वर्षभर न हललेला कागद आठवड्यात हलतो. कार्यालयाला न्यायालयाची भीती वाटते यापेक्षा उत्तराचे शपथपत्र लिहायचा कंटाळा येतो, हे त्यामागचे अधिक खरे कारण असावे.

नोटिशीने काम झाले नाही, तर न्यायालय काय आदेश देते हे समजायला अंधेरीच्या एका सिनेमागृहाची गोष्ट उपयोगी पडते. गोरधनदास भानजी नावाच्या गृहस्थांना अंधेरीत चित्रपटगृह बांधायचे होते. अर्ज पोलीस आयुक्तांकडे होता. दोनदा नकार मिळाल्यावर जुलै १९४७ मध्ये आयुक्तांनी परवानगी दिली. सप्टेंबरात त्यांच्याच कचेरीतून पत्र आले की सरकारच्या निर्देशावरून परवानगी रद्द केली आहे. नियमाप्रमाणे रद्द करण्याचा अधिकार आयुक्तांचा होता, सरकारचा नव्हता. आयुक्तांनी नंतर शपथपत्रावर सांगितले की निर्णय आपलाच होता. १९५१ मध्ये सर्वोच्च न्यायालयात न्या. व्हिव्हियन बोस यांनी ते मानले नाही.  अधिकाऱ्याने जाहीरपणे काढलेल्या आदेशाचा अर्थ त्या आदेशातल्या शब्दांवरूनच लावायचा, मागाहून मनात काय होते हे सांगून तो बदलता येत नाही, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. पण पुढची गोष्ट जास्त महत्त्वाची. सर्वोच्च न्यायालयाने सिनेमागृह उभारू द्या असे सांगितले नाही. आयुक्तांनी स्वतःचा विवेक वापरून, कोणाच्या दबावाखाली न येता, रद्द करायचे की नाही हे ठरवावे आणि स्पष्ट आदेश काढावा, एवढेच सांगितले. अधिकार ज्याच्या हाती कायद्याने दिला आहे त्यानेच तो वापरायचा. न्यायालयाने त्याच्या खुर्चीत बसायचे नाही.

शाळांच्या बाबतीतही हीच चौकट राहिली. महाराष्ट्र राज्य विरुद्ध लोकशिक्षण संस्था या १९७१ च्या खटल्यात माध्यमिक शाळांची परवानगी नाकारल्याचा प्रश्न होता. मुंबई उच्च न्यायालयाने संस्थांच्या बाजूने निकाल दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो फिरवला. एखाद्या भागात नव्या शाळेची गरज आहे की नाही, हे शिक्षण खात्यानेच ठरवायचे. नैसर्गिक न्यायाचा भंग नसेल तर उच्च न्यायालयाने धोरण आखून देऊ नये, असा त्याचा सूर आहे. तेव्हा ‘परवानगी द्या’ असा आदेश सहसा मिळत नाही. मिळतो तो ‘चार आठवड्यांत, सुनावणी देऊन, सकारण निर्णय द्या’ असा. अपवाद आहे. नियंत्रक व महालेखापरीक्षक विरुद्ध के. एस. जगन्नाथन या १९८६ च्या निकालाने सांगितले की, अधिकारी विवेक वापरतच नसेल किंवा विकृतपणे वापरत असेल, तर न्यायालय योग्य तो आदेश स्वतःही देऊ शकते. तपासणी अहवाल अनुकूल आहे, एकही आक्षेप शिल्लक नाही, फक्त सही राहिली आहे, अशा प्रकरणात ही मागणी करण्यात अर्थ असतो.

‘विचार करा’ या शब्दांत एक सापळा आहे. आंध्र प्रदेश राज्य मार्ग परिवहन महामंडळाच्या २००६ च्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानेच या शब्दांमुळे होणारा गोंधळ उलगडून दाखवला. नुसता ‘विचार करावा’ असा आदेश घेऊन परतलेल्या संस्थेला महिन्याने ‘विचार केला, मंजूर करता येत नाही’ असे दोन ओळींचे पत्र मिळते. म्हणून याचिकेच्या विनंतीतच कोणत्या निकषांवर, कोणत्या कागदांच्या आधारे, किती दिवसांत, आणि नवे आक्षेप एकाच वेळी कळवून निर्णय व्हावा, हे लिहिलेले असावे.

मुदत उलटली की परवानगी मिळालीच असे धरता येईल का? हे मानीव परवानगीचे गाजर फार लोकांना भुरळ घालते. कायद्यात तसे शब्द असतील तरच ते खरे. महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम ४५(५) मध्ये ६० दिवसांत उत्तर न आल्यास बांधकाम परवानगी मिळाल्याचे मानले जाते, पण बांधकाम नियमांत बसणारे असले पाहिजे. अल्पसंख्याक शिक्षणसंस्थांसाठीच्या २००४ च्या राष्ट्रीय आयोग कायद्यात कलम १० सांगते की ना हरकत प्रमाणपत्राच्या अर्जावर ९० दिवसांत निर्णय कळवला नाही तर ते दिल्याचे समजावे. शब्द नसतील तर काय होते ते आयकर कायद्यात दिसले. अलाहाबादच्या एका शिक्षणविषयक संस्थेच्या नोंदणीचा अर्ज सहा महिन्यांत निकाली निघाला नाही म्हणून २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नोंदणी झाल्याचे मानले. २०२२ मध्ये जौनपूरच्या संस्थेच्या प्रकरणात मात्र अशी मानीव नोंदणी नाही, हे उच्च न्यायालयाचे मत कायम राहिले. मानीव परवानगीवर विसंबून फळा टांगणे म्हणूनच धोक्याचे.

सर्वांत मोठा मोह असतो अंतरिम आदेशाचा. याचिका चालू असेपर्यंत वर्ग भरवू द्या, मुलांना परीक्षेला बसू द्या, अशी मागणी होते आणि मुलांकडे पाहून न्यायमूर्तींनाही नाही म्हणणे जड जाते. महाराष्ट्रातल्या विनामान्यता शिक्षक प्रशिक्षण संस्थांच्या विद्यार्थ्यांना परीक्षेला बसू देण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने १९९२ मध्ये रद्द केला. १९९८ मध्ये केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळाच्या प्रकरणातही संलग्नता नसलेल्या शाळांच्या मुलांना अंतरिम आदेशाने परीक्षेला बसवण्यावर कडक ताशेरे ओढले. सहानुभूतीने मान्यता येत नाही, हे तेव्हापासून ठरून गेले आहे. जास्त पदरात पडणारी मागणी वेगळी असते: निर्णय प्रवेशाच्या तारखेआधी व्हावा, आणि उशीर सरकारचा ठरला तर याच अर्जावर पुढच्या शैक्षणिक वर्षाची परवानगी मिळावी, नव्याने शुल्क आणि तपासणी नको.

आदेशानंतर निर्णय प्रतिकूल आला तर ते नवे कारण आहे. त्या सकारण आदेशाविरुद्ध नियमांत अपील असेल तर आधी तिकडे जावे लागते, आणि नैसर्गिक न्यायाचाच भंग असेल तर थेट प्राकर्षणाची, म्हणजे तो आदेश रद्द करण्याची, रिट मागता येते. १९७७ च्या मोहिंदरसिंग गिल निकालाने अंधेरीचाच धागा पुढे नेला: आदेशात नसलेली कारणे नंतर शपथपत्राने भरता येत नाहीत. न्यायालयाने दिलेली मुदत पाळलीच नाही तर न्यायालयाच्या अवमानाचा अर्ज करता येतो. अवमान कायदा, १९७१ खाली तो एका वर्षाच्या आत करावा लागतो आणि शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड अशी आहे. हे निव्वळ कागदी नाही. लाकूड गिरण्यांना आदेशाविरुद्ध परवाने दिल्याबद्दल महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंह नाईक यांना सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये एक महिन्याची कैद दिली होती. भरपाईची वाट अरुंद आहे. लखनौ विकास प्राधिकरणाच्या १९९३ च्या निकालाने अधिकाऱ्याच्या छळवणुकीची भरपाई त्याच्याकडूनच वसूल करता येते हे मान्य केले, पण तो ग्राहक कायद्याखालचा निकाल होता. रिट न्यायालये दिरंगाईसाठी पैसे क्वचितच देतात, खर्च फार तर देतात.

आणि या सगळ्या काळात शाळा सुरू करता येत नाही. निर्णय कितीही लांबला तरी मान्यतेविना शाळा चालवणाऱ्याला शिक्षण हक्क कायद्याच्या कलम १८(५) खाली एक लाख रुपयांपर्यंत दंड आणि ती चालूच ठेवल्यास दर दिवसाला दहा हजार रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. अशा शाळेतून दिलेला शाळा सोडल्याचा दाखला पुढच्या शाळेत चालत नाही.